झाडापासून झाडापर्यंत

मोसंबीची बाग लावायची ठरली की शेतात आधी रोप येत नाही, दोरी येते. पाचोडच्या पंचक्रोशीत ही गोष्ट कुणाला सांगावी लागत नाही. इथल्या मोसंबीच्या बाजारात माल घेऊन येणारा प्रत्येक जण कधी ना कधी दोरीचं एक टोक धरून उभा राहिलेला असतो. दुसऱ्या टोकाला घरातलं मोठं माणूस, मध्ये ताणलेली सुतळी, हातात खुंट्यांचा भारा आणि एका टोपल्यात फक्की. सहा मीटरवर एक खुंटी, पुन्हा सहा मीटरवर एक. बांधाच्या कडेनं पहिली ओळ बसली की तिला काटकोनात दुसरी दिशा धरायची आणि मग सगळं शेत चौकोनांनी भरून काढायचं. खड्डे त्यानंतर, रोपं त्याच्याही नंतर.

हे पुस्तक त्या आखणीविषयी आहे. मुखपृष्ठावर ‘निर्देशक भूमिती’ असं लिहिलेलं असलं, आणि आत दहावीच्या अभ्यासक्रमातलं अंतराचं सूत्र असलं, तरी मला सांगायचं आहे ते एवढंच: हे सूत्र फळ्यावर जन्मलेलं नाही. ते जमिनीवरून वर आलं आहे, आणि ज्याला ते कळत नाही त्यानं पुन्हा जमिनीवर जाऊन उभं राहावं.

मी नववीत असताना आमच्या अण्णांनी बाग लावली. शेत १२० मीटर लांब आणि ९० मीटर रुंद, म्हणजे पावणेतीन एकराला थोडं कमी. सहा मीटरच्या अंतरानं लांबीत वीस घरं आणि रुंदीत पंधरा घरं. झाडं मात्र २१ गुणिले १६, म्हणजे ३३६, कारण घरं वीस असली की खुंट्या एकवीस लागतात. (हा एकचा फरक मुलं परीक्षेतही विसरतात आणि मोठी माणसं रोपांची मागणी नोंदवतानाही विसरतात.) कोपऱ्यावर काटकोन काढण्यासाठी अण्णांनी गवंड्याकडून ऐकलेली युक्ती वापरली. बांधाच्या कडेनं तीन फूट, आतल्या दिशेनं चार फूट, आणि त्या दोन टोकांमधलं तिरपं माप पाच फूट भरलं की कोपरा काटकोनी. युक्ती शंभर टक्के बरोबर आहे. आमची सुतळी मात्र नवी होती आणि ताणली की वाढत होती.

चार फुटांवर ती आतली रेषा खऱ्या काटकोनापासून दीड इंच सरकली होती. दीड इंच म्हणजे बोटभर. ४८ इंचांत दीड इंच, म्हणजे बत्तिसावा हिस्सा. पण रेषा चार फुटांवर थांबत नाही, ती १२० मीटर आत जाते, आणि १२० चा बत्तिसावा हिस्सा पावणेचार मीटर होतो. शेवटच्या ओळीपाशी पोचलो तेव्हा कडेची खुंटी शेजाऱ्याच्या बांधात घुसत होती, अर्ध्या घराहून जास्त. अण्णा बराच वेळ त्या खुंटीकडे बघत उभे राहिले. मग म्हणाले, “आखणी मोडा. पहिल्यापासून.” दोन दिवसांची फक्की आम्ही पायानं पुसली.

दुसऱ्या वेळी गवंडी स्वतः आला. त्यानं सुतळी बाजूला ठेवली आणि पोलादी टेप काढला. तीन-चार-पाच फुटांऐवजी त्यानं ३०, ४० आणि ५० मीटरचा त्रिकोण धरला. तेवढ्या मोठ्या मापावर दीड इंचाची चूक झाली तरी शेताच्या टोकाला ती वीतभरसुद्धा होत नाही. चारही कोपरे लागल्यावर त्यानं आणखी एक काम केलं, जे मी आजवर विसरलो नाही. त्यानं शेताची दोन्ही तिरपी मापं घेतली, या कोपऱ्यापासून त्या कोपऱ्यापर्यंत, टेप पुढे पुढे सरकवत. दोन्ही १५० मीटर भरली. “आता लावा,” तो म्हणाला.

तो १५० चा आकडा मी वहीत करून पाहिला होता. १२० चा वर्ग १४,४००, ९० चा वर्ग ८,१००, बेरीज २२,५००, वर्गमूळ १५०. पायथागोरसचं प्रमेय शाळेत झालं होतं, पाठ होतं. पण कागदावर आलेला आकडा एका निरक्षर माणसाच्या टेपवर जसाच्या तसा उतरलेला मी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिला. पुढे गणित शिकवायचं मी ठरवलं, त्याचं मूळ त्या शेतात आहे.

आता सूत्राकडे येऊ. आखलेल्या बागेत प्रत्येक झाडाला पत्ता देता येतो. बांधाच्या कोपऱ्यातलं झाड शून्य-शून्य. तिथून बांधाच्या कडेनं किती घरं गेलो हा पहिला आकडा, आणि आतल्या दिशेनं किती घरं गेलो हा दुसरा. (६, ८) असं म्हटलं की ३३६ झाडांतलं एकच झाड उभं राहतं. (१४, २) म्हटलं की दुसरं एकच. या दोन झाडांमधलं अंतर किती? पहिल्यापासून दुसऱ्याकडे जाताना बांधाच्या दिशेनं ८ घरं सरकावं लागतं आणि आतल्या दिशेनं ६ घरं. ही दोन मापं काटकोनात आहेत, कारण गवंड्यानं ती काटकोनात बसवली आहेत. म्हणून ६४ आणि ३६ यांची बेरीज १००, वर्गमूळ १०. दहा घरं, साठ मीटर. अंतराचं सूत्र म्हणतात ते संपलं. पहिल्या आकड्यांचा फरक, दुसऱ्या आकड्यांचा फरक, दोघांचे वर्ग, बेरीज, वर्गमूळ.

माझ्या हाताशी असलेल्या बालभारतीच्या दहावीच्या भाग दोनमध्ये पायथागोरस दुसऱ्या प्रकरणात आहे आणि निर्देशक भूमिती पाचव्या. मधल्या दोन प्रकरणांत वर्तुळं आणि रचना येतात आणि मुलांच्या मनातला धागा तुटतो. पाचव्या प्रकरणाला ती नव्या नावाचं, नव्या अक्षरांचं काहीतरी म्हणून सामोरी जातात. खाली बारीक आकडे लावलेली ती अक्षरं, त्यावर मुळाचं लांबलचक चिन्ह, हे पाहून मूल दबतं. मला वाटतं, हा दोष मुलाचा नाही. दुसऱ्या प्रकरणातला काटकोन त्याला पाचव्यात ओळखू आला असता तर पाठ करण्यासारखं तिथे काही उरलंच नसतं.

या सूत्रातला सर्वांत मोलाचा शब्द माझ्या मते ‘फरक’ हा आहे. वर्ग आणि मूळ यांच्याकडे सगळ्यांचं लक्ष जातं, फरकाकडे जात नाही. समजा अण्णांनी कोपऱ्यापासून न मोजता विहिरीपासून मोजलं असतं. आमची विहीर कोपऱ्यापासून नऊ घरं बाजूला आणि सहा घरं आत होती. मग तीच दोन झाडं विहिरीच्या हिशेबानं कुठे येतात? (६, ८) हे झाड विहिरीच्या तीन घरं अलीकडे आणि दोन घरं आत, म्हणजे (−३, २). (१४, २) हे पाच घरं पलीकडे आणि चार घरं बांधाकडे, म्हणजे (५, −४). पत्ते साफ बदलले, उणे चिन्हं आली, पण झाडं जागची हलली आहेत का? फरक पुन्हा ८ आणि ६ च येतात. मोजायला सुरुवात कुठून करायची हे आपल्या सोयीचं असतं. दोन झाडांमधलं अंतर आपल्या सोयीवर अवलंबून नसतं.

आणि नेमकं इथेच, त्या उणे चिन्हापाशी, निम्मा वर्ग घसरतो. पाचातून उणे तीन वजा करा म्हटलं की उत्तर येतं दोन. गेली कित्येक वर्षं मी हा दोन पाहत आलो आहे. ‘वजाची वजाबाकी म्हणजे बेरीज’ हे घोकवून मी थकलो. शेवटी मुलांना मैदानात नेलं, मध्ये एक मुलगा विहीर म्हणून उभा केला, एकीला त्याच्या डावीकडे तीन पावलं पाठवलं आणि एकीला उजवीकडे पाच. मग विचारलं, “तुम्हा दोघींमध्ये किती पावलं?” आठ म्हणायला कुणालाही वेळ लागला नाही. दोघी विहिरीच्या दोन बाजूंना आहेत, म्हणून बेरीज. सूत्रातल्या त्या दोन उणे चिन्हांना सांगायचं असतं ते एवढंच.

मला खूप उशिरा कळलेली एक गोष्ट अशी की आपल्या गावात निर्देशक भूमितीची कागदपत्रं शंभराहून अधिक वर्षं पडून आहेत. त्यांना ‘टिपण’ म्हणतात. मराठवाडा निजामाच्या राज्यात असताना, सालारजंगांच्या काळात, मुंबई इलाख्याच्या धर्तीवर इथल्या जमिनींची मोजणी सुरू झाली. त्या पद्धतीत शंकू आणि साखळी ही दोन साधनं. साखळी ३३ फुटांची, तिचे सोळा आणे. एक साखळी लांब आणि एक साखळी रुंद म्हणजे एक गुंठा, १,०८९ चौरस फूट, आणि असे चाळीस गुंठे म्हणजे एकर. शंकू म्हणजे काटकोन दाखवणारं साधं लाकडी साधन, ज्याच्या खाचांतून दोन काटकोनी दिशांना पाहता येतं.

मोजणीदार शेताच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत एक लांब सरळ रेषा धरायचा. साखळी टाकत पुढे जाताना जिथे बांधाचा दगड बरोबर काटकोनात दिसेल तिथे थांबायचा, आत्तापर्यंत किती साखळ्या झाल्या ते लिहायचा, आणि त्या जागेपासून दगडापर्यंतचं आडवं माप घ्यायचा, डावीकडे किंवा उजवीकडे. टिपण हातात घेऊन पाहा. मधोमध एक रेषा, तिच्यावर चढत जाणारे आकडे, आणि दोन्ही बाजूंना काटकोनात निघालेल्या लहान-मोठ्या रेघा, प्रत्येकीवर आपला आकडा. प्रत्येक दगडाला दोन आकड्यांचा पत्ता मिळालेला आहे. डावा-उजवा हेच अधिक-उणे. समजा एक दगड रेषेवर तीन साखळ्यांवर, डावीकडे दोन साखळ्या आत आहे, आणि दुसरा पंधरा साखळ्यांवर, उजवीकडे तीन साखळ्या. रेषेच्या दिशेनं फरक बारा. आडव्या दिशेनं, विरुद्ध बाजूंना असल्यामुळे, दोन अधिक तीन म्हणजे पाच. १४४ अधिक २५ म्हणजे १६९, आणि अंतर तेरा साखळ्या, ४२९ फूट. मधे उभं पीक असो की नाला, तो बांध पायानं न मोजता टिपणावरून सांगता येतो. हल्ली मोजणीला रोव्हर येतो, उपग्रहाकडून जागा घेतो आणि क्षणात दोन आकडे देतो. साधन बदललं, पण आकडे दोनच आहेत आणि त्यांच्यातून अंतर काढण्याची रीतही तीच आहे.

युरोपात या विचाराचं श्रेय रने देकार्त आणि प्येर द फर्मा या दोन फ्रेंच माणसांना दिलं जातं, आणि ते योग्य आहे. देकार्तचं भूमितीवरचं लेखन १६३७ साली छापलं गेलं. वक्र रेषा समीकरणानं पकडता येते हे त्या दोघांनी दाखवलं आणि गणिताचं रूपच पालटलं. पण आपल्या पुस्तकांत असतात तसे कायमचे दोन काटकोनी अक्ष देकार्तच्या पुस्तकात आखलेले सापडत नाहीत, आणि आजचं सूत्रही या रूपात तिथे नाही. ते हळूहळू, पुढच्या पिढ्यांच्या हातांनी घडलं.

त्याच्या पोटात असलेला काटकोनाचा नियम मात्र फार जुना आहे, आणि त्याची एक गोष्ट आपल्या घराजवळची आहे. कन्नडचा घाट उतरून चाळीसगावकडे गेलं की डोंगराच्या पायथ्याशी पाटण आहे. तिथला तेराव्या शतकाच्या सुरुवातीचा शिलालेख भाऊ दाजी लाड यांनी उजेडात आणला. भास्कराचार्यांचे नातू चांगदेव यांनी आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापन केल्याची नोंद त्यात आहे. भास्कराचार्यांचा जन्म शके १०३६ चा, म्हणजे इ.स. १११४ चा, आणि ‘लीलावती’ ११५० ची. काटकोन त्रिकोणाच्या बाजूंना ते भुज, कोटी आणि कर्ण म्हणतात. आपण अजूनही कर्णच म्हणतो. बाकीचे दोन शब्द आपण सोडून दिले याचं मला वाईट वाटतं, कारण ‘भुज’ आणि ‘कोटी’ म्हटलं की आडवं आणि उभं डोळ्यांसमोर येतं.

‘लीलावती’तलं एक उदाहरण या पुस्तकात मी मुद्दाम अक्षांवर मांडलं आहे. नऊ हात उंच खांब. त्याच्या बुडाशी सापाचं बीळ. खांबावर मोर बसलेला. खांबाच्या उंचीच्या तिप्पट अंतरावरून, म्हणजे सत्तावीस हातांवरून, साप बिळाकडे येताना मोराला दिसतो. मोर तिरपी झेप घेतो. दोघांनी सारखंच अंतर कापलं असेल तर बिळापासून किती हातांवर मोर सापाला धरतो?

पाचोडच्या मुलांना मोर सांगावा लागत नाही. तो बागेत येतो, आणि पैठणीच्या पदरावरही असतो. बीळ हा आपला आरंभबिंदू धरू. मोर (०, ९) वर, साप (२७, ०) वर. झडप जिथे पडली तो बिंदू जमिनीवर आहे, म्हणजे त्याचा दुसरा आकडा शून्य. पहिला आकडा १२ धरून पाहा. सापानं कापलेलं अंतर २७ वजा १२, पंधरा. मोराचं अंतर: भुज १२, कोटी ९, वर्ग १४४ आणि ८१, बेरीज २२५, कर्ण पंधरा. जुळलं. बाराच का, तो कसा शोधायचा, हे पुढच्या प्रकरणात सविस्तर आहे. पण ९, १२, १५ या आकड्यांकडे पुन्हा बघा. तीननं भागलं की ३, ४, ५ राहतात. गवंड्याच्या टेपवरचा त्रिकोण भास्कराचार्यांच्या मोरानं हवेत काढला आहे.

या पुस्तकातलं चौथं प्रकरण मला सर्वांत प्रिय आहे, आणि त्याचा जन्म एका गमतीत झाला. एका ओळखीच्यांनी नवी बाग लावली होती, रोपं गुडघ्याएवढी. मी आठवीतल्या दहा-बारा मुलांना तिथे घेऊन गेलो. शेताच्या मध्यावरच्या एका रोपाशेजारी खुंटी ठोकली, तिला बरोबर तीस मीटरची दोरी बांधली आणि सांगितलं, दोरी ताणून फिरा आणि दोरीचं टोक बरोबर झाडावर येतं अशी सगळी झाडं शोधा. तीस मीटर म्हणजे पाच घरं. मुलांनी ओळ धरून पाच घरं मोजली, पुढे, मागे, डावीकडे, उजवीकडे. चार झाडं. झालं, म्हणाली. दोरी गुंडाळायला निघाली. एवढ्यात एक मुलगी दोरी हातात घेऊन तिरकी चालत गेली होती, ती लांबून ओरडली, “सर, इथं बी बरोबर बसतंय!” ती ना आमच्या ओळीत होती ना आमच्या रांगेत. तीन घरं बाजूला आणि चार घरं वर. मग चार घरं बाजूला आणि तीन वर. मग खाली, मग पलीकडे. बारा झाडं सापडली. एका झाडापासून बरोबर तीस मीटरवर बारा झाडं उभी आहेत हे त्या शेतमालकालाही माहीत नव्हतं. तो बांधावरून उठून आमच्यात आला आणि त्यानं स्वतः दोरी ओढून पाहिली.

तिथून प्रश्नांची रांग लागली. बागेत कोणकोणती अंतरं सापडतात? एक घर, चौकोनाचा कर्ण म्हणजे दोनाचं वर्गमूळ, दोन घरं, पाचाचं वर्गमूळ, आठाचं वर्गमूळ, तीन घरं. पण तिनाचं वर्गमूळ? बाग कितीही मोठी करा, लाख एकरांची करा, दोन झाडांमधलं अंतर तिनाच्या वर्गमुळाइतकी घरं कधीच येणार नाही, कारण ३ हा आकडा दोन पूर्ण वर्गांची बेरीज होत नाही. ७ होत नाही, ११ होत नाही. ५ होतो, १३ होतो, १७ होतो. दोनहून मोठ्या मूळ संख्यांपैकी चारनं भागल्यावर एक उरतो त्या होतात आणि तीन उरतात त्या होत नाहीत. हे विधान फर्मानं सतराव्या शतकात केलं, आणि पुढे लेओनहार्ट ऑयलरनं सिद्ध केलं. अक्षांचा विचार ज्यानं केला त्याच माणसानं हाही प्रश्न हाताळला हे मला फार सुंदर वाटतं.

तशीच दुसरी एक अशक्य गोष्ट. चौकोनी आखणीच्या बागेत अशी तीन झाडं शोधा की प्रत्येकाचं इतर दोघांपासूनचं अंतर अगदी सारखं असेल. मुलं तासन् तास शोधतात. ‘जवळजवळ’ सारखी सापडतात, सारखी सापडत नाहीत. कारण असं: झाडांचे पत्ते पूर्ण आकड्यांत असले की त्यांच्या त्रिकोणाचं क्षेत्रफळ पूर्ण किंवा अर्ध्यातच येतं. समभुज त्रिकोणाचं क्षेत्रफळ मात्र बाजूच्या वर्गाला तिनाच्या वर्गमुळानं गुणून चारनं भागल्यावर मिळतं. बाजूचा वर्ग इथे पूर्ण संख्या आहे, म्हणून ते क्षेत्रफळ अपूर्णांकातही नीट लिहिता येत नाही. एकच क्षेत्रफळ दोन्ही प्रकारचं असू शकत नाही. समान अंतराची त्रिकोणी लागवड हवी असेल तर आखणीच वेगळी धरावी लागते.

एक सावधगिरी मात्र आधीच सांगून ठेवतो. सूत्र देतं ते सरळ अंतर, पक्ष्याचं अंतर. शेतात सगळी कामं त्या अंतरानं चालत नाहीत. ठिबक घ्या. मोटारीपासून मेनलाईन, तिच्यातून सबमेन, सबमेनमधून काटकोनात निघणाऱ्या लॅटरल, प्रत्येक ओळीला आपली. पाणी तिरपं जात नाही. कोपऱ्यातल्या मोटारीपासून (८, ६) या झाडापर्यंत सरळ अंतर दहा घरं, पण पाणी चौदा घरं चालून येतं, आठ आडवी आणि सहा उभी. नळीचा हिशेब दहा धरून केला तर नळी कमी पडेल. उभ्या कपाशीतून शेजारच्या बांधावर जायचं असलं तरी हेच. पीक तुडवायचं नाही, धुऱ्याधुऱ्यानं जायचं, म्हणजे बेरजेचं अंतर. गणितात यालाही अंतरच म्हणतात आणि हर्मान मिन्कोव्स्की या गणितज्ञानं अशा अंतरांचा पद्धतशीर विचार केला. म्हणून उदाहरण सोडवण्यापूर्वी विचारायचं: इथे चालणार कोण आहे, आणि कुठून?

दुसरी सावधगिरी पृथ्वीची आहे. मोबाइलवर कोणत्याही गावाचे अक्षांश-रेखांश मिळतात आणि मुलांना वाटतं, हे तर आयते दोन आकडे. पैठण साधारण १९.४८ उत्तर, ७५.३८ पूर्व. जालना साधारण १९.८४ उत्तर, ७५.८८ पूर्व. फरक ०.३६ आणि ०.५०. लगेच वर्ग करून बेरीज केली तर चूक होते, कारण या जाळीतली घरं चौरस नाहीत. अक्षांशाचा एक अंश सुमारे १११ किलोमीटरचा, पण रेखांशाच्या रेषा ध्रुवाकडे जवळ येत जातात, त्यामुळे आपल्या भागात रेखांशाचा एक अंश सुमारे १०५ किलोमीटरच भरतो. आधी दोन्ही फरक किलोमीटरमध्ये आणायचे: ४० आणि ५२.५. मग वर्ग, बेरीज, मूळ. उत्तर ६६ किलोमीटर. दोन्हीकडे १११ धरले असते तर ६८ च्या वर गेलं असतं. इतक्या जवळच्या गावांसाठी जमीन सपाट मानून चालतं. पाचोड ते कन्याकुमारी काढायचं असेल तर चालत नाही, तिथे गोलाची भूमिती लागते आणि ती या पुस्तकाच्या बाहेर आहे.

भारताची जमीन मोजणाऱ्यांना या गोलाईशी झुंजावं लागलं. विल्यम लॅम्ब्टननं १८०२ साली मद्रासजवळ पहिली आधाररेषा साखळीनं मोजली आणि तिच्यावर त्रिकोणामागून त्रिकोण चढवत तो उत्तरेकडे सरकत राहिला. १८२३ साली काम चालू असतानाच तो वारला. त्याची कबर वर्धा जिल्ह्यात हिंगणघाटला आहे. या महाराष्ट्रात गणित शिकणाऱ्या मुलांची एखादी सहल तिथे जावी असं मला मनापासून वाटतं.

पुस्तक कसं वाचावं याविषयी थोडंसं. पहिलं प्रकरण काटकोनाचं आहे आणि त्यात एकही सूत्र नाही. ते घरात बसून वाचू नका. टोकं जोडलेल्या दोरीवर समान अंतरानं बारा गाठी मारा, तिघांनी तिसरी, सातवी आणि बारावी गाठ धरून ताणा, आणि तिसऱ्या गाठीपाशी तयार झालेला कोपरा वहीच्या कोपऱ्याशी लावून बघा. सुतळी घेऊ नका, ती वाढते. उदाहरणांत मी बाग, टिपण, ठिबक आणि रस्ते घेतले आहेत, कारण हीच माझ्या मुलांची जमीन आहे. ज्यांच्याकडे फरशीचं घर आहे त्यांनी फरशा मोजाव्यात.

अण्णांची ती बाग २०१२-१३ च्या दुष्काळात गेली. जालना आणि आमच्या जिल्ह्यात त्या वर्षी मोसंबीच्या बागाच्या बागा वाळल्या. आम्हीही टँकरनं काही महिने झाडं धरली, मग सोडली. कुऱ्हाड लावायला अण्णा स्वतः गेले नाहीत. पाऊस परतल्यावर त्यांनी पुन्हा लागवड काढली, पण जुन्या खड्ड्यांत रोप लावायला ते तयार नव्हते. चार जुन्या बुंध्यांच्या बरोबर मध्ये नवं रोप, असं त्यांनी ठरवलं. प्रत्येक घराच्या मध्यावर एक खुंटी, चारही बुंध्यांपासून ४ मीटर २४ सेंटीमीटरवर. या वेळी टेप माझ्या हातात होता आणि पहिला पत्ता होता अर्धा, अर्धा. सगळी बाग अर्धं घर बाजूला आणि अर्धं घर आत सरकली. लांबीत एक आणि रुंदीत एक ओळ कमी बसली, २० गुणिले १५, तीनशे झाडं. खड्डे घेऊन झाल्यावर अण्णांनी मला पहिल्या रोपापासून त्याच ओळीतल्या दुसऱ्या रोपापर्यंत टेप धरायला लावला. सहा मीटर. मग तिरपं, तीन घरं बाजूला आणि चार घरं आत. तीस मीटर. त्यांनी मान हलवली आणि पाण्याचा कॉक उघडायला गेले.